वृष्टीला जुळलेलं नाव

सृष्टी या नावाला यमकं भरपूर. दृष्टी, वृष्टी, पुष्टी. योगिनीला मात्र ओढूनताणून 'पाणी' जुळवावं लागतं.

*

भाड्याच्या शेरवानीला खिसे नसतात. खिशाची पट्टी असते, पण ती वरून शिवून बंद केलेली असते.

*

धोंडीरामला डाव्या कानानं कमी ऐकू येतं. पंचवीस वर्षं ट्रॅक्टर चालवला. उजवा कान शाबूत आहे.

*

मे महिन्यात द्राक्षाच्या वेलीला पानाच्या काखेतून नको ते कोंब फुटतात. त्यांना बगलफूट म्हणतात. ती हातानंच खुडायची. नाही खुडली तर वेलीचा सगळा जोर तिकडेच जातो.

*

येवल्याच्या मागावर पैठणीचा पदर दिवसाला दोन-तीन बोटं पुढं सरकतो. त्याहून जास्त नाही.

*

मंगळवारी दुपारी एकच्या सुमाराला चांदवडच्या डोंगराकडून आभाळ काळंभोर होऊन आलं.

*

ही सगळी एकाच लग्नाची गोष्ट आहे. ती घडली कुसाबाईच्या तोंडून, म्हणून तिच्यापासूनच सांगायला हवी.

निफाडच्या अलीकडे जे द्राक्षाचं गाव आहे, तिथं कुसाबाईशिवाय लग्न लागत नाही. म्हणजे भटजी लावतात, पण हसवते कुसाबाई. वय पंचावन्नच्या पुढं, अंगानं काडी, आणि जीभ अशी की विहिणी तिच्या शेजारी बसायला घाबरतात आणि तरी तिच्याच शेजारी बसतात. नवरीला उखाणा हवा, नवऱ्याला उखाणा हवा, की पोरं-पोरी तिच्या ओट्यावर. ती बागेतून आलेली असायची, नखं हिरवी झालेली. हात धुता धुता विचारायची, पोरगा करतो काय, पोरगी रागावते का, सासू कशी आहे. एवढं विचारलं की दोन ओळी तयार.

सातपूरच्या कंपनीत जाणाऱ्याच्या बायकोला तिनं दिलं होतं:

कंपनीचा भोंगा वाजला, सुटली सेकंड पाळी,
नितीनरावांचं नाव घेते, झोपू द्या हो सकाळी.

आणि वायरमनला:

डीपीवरचा फ्यूज बांधतो, लागत नाही धक्का,
निकिता माझी रागावली की करंट बसतो पक्का.

तो वायरमन अजून रस्त्यात दिसला की बायका 'बसला का करंट' म्हणून विचारतात. नाव घेणं म्हणजे जोडीदाराचं नाव यमकात ओवून चारचौघांत म्हणायचं, एवढीच ती रीत. पण कुसाबाईच्या हाताखालून गेलेलं नाव माणसाला जन्मभर चिकटायचं.

हर्षलला असंच एक चिकटलं होतं.

हर्षल म्हणजे पुंजाचा थोरला. अडीच एकर बाग, दोन गाई, निर्व्यसनी पोरगा. पण शेती करतो म्हटलं की पोरीकडचे चहाचा कप अर्धा ठेवून उठायचे. दोन वर्षांपूर्वी एकदाचं जमलं होतं. मुलगी नाशकातली, नाव सृष्टी. साखरपुड्याला हर्षलनं स्टेजवर माईक धरून जे नाव घेतलं, ते कुसाबाईचं होतं:

बागेला नको गारा, नको अवकाळी वृष्टी,
फवारून फवारून थकलो, आता दृष्ट काढायला सृष्टी.

लोकांनी शिट्ट्या मारल्या. गावातल्या पोरांनी महिनाभर तेच स्टेटस ठेवलं. भाजीबाजारात, सोसायटीत, दूध डेअरीवर, जिथं हर्षल दिसेल तिथं कुणीतरी पहिली ओळ टाकायचं आणि हर्षल लाजत दुसरी म्हणायचा. चार महिन्यांनी सृष्टीला सातपूरला एका ऑफिसात नोकरी लागली. तिनं सरळ सांगून टाकलं की मला खेड्यात यायचं नाही. भांडण नाही, तंटा नाही. साड्या परत आल्या, अंगठी परत गेली. राहिली ती ओळ. पोरं अजून मागून ती फेकायची, फक्त आता हर्षल दुसरी म्हणायचा नाही.

त्यानंतर दीडेक वर्ष गेलं. चौतिसाव्या वर्षी येवल्याकडची योगिनी मिळाली. वडिलांची कोरडवाहू जमीन, गावाला टँकर, पोरगी दुसऱ्याच्या मागावर पैठणी विणायला जायची. बघायला गेला तेव्हा तिनं हर्षलला एवढंच विचारलं होतं की तुमच्याकडं पाणी कितीला येतं. हर्षल म्हणाला, सकाळी सहाला. ती म्हणाली, चालतंय.

लग्नाच्या आठ दिवस आधी हर्षल कुसाबाईच्या ओट्यावर आला. हर्षलची आई तो दहावीत असताना गेली. तेव्हापासून परीक्षेला जाताना हातावर दही कुसाबाईच ठेवायची. म्हणून तो मागायला लाजत नसे.

"काकू, या वेळी जरा साधंच दे," तो म्हणाला.

तिनं दिलं. दुसऱ्यांच्या बोअरला तीनशे फुटांवर लागलं पाणी, मला चौतीस वर्षं खणल्यावर लागली योगिनी. हर्षल हसला, पण त्याचे कान लाल झाले. माईकवर वय कशाला काढायचं, म्हणाला. मग कुसाबाईनं त्याच पाण्यातून दुसरं काढलं:

तीनशे फूट बोअर मारलं, फुफाटा आला, नाही पाणी,
तरी माझ्या कोरड्या घरात ओल घेऊन आली योगिनी.

हे तिला स्वतःलाच आवडलं. टँकरच्या गावची पोरगी, तिला पाण्याचा मान दिला. पत्रिकेच्या पाठीवर तिनं ते मोठ्या अक्षरांत लिहून दिलं आणि सांगितलं, "पाठ नाय झालं तर खिशात ठेव. तोंड पुसायच्या निमित्तानं बघायचं."

आता शेरवानीच्या खिशाचं आधी सांगितलंच आहे.

*

लग्न गावातच, शाळेच्या मैदानावर. मुहूर्त बारा पस्तीसचा. अक्षता पडल्या, हार झाले, नवरानवरी स्टेजवरच्या सोफ्यावर बसली. माईक रोहितकडं. रोहित तालुक्यातल्या लग्नांत सूत्रसंचालन करतो. आलेल्या प्रत्येक पाहुण्याचं नाव पदवीसकट घेतो आणि मधे श्वास घेत नाही. त्यानं फर्मान काढलं की नाव घेतल्याशिवाय पंगत बसणार नाही.

हर्षलनं शेरवानीवरून हात फिरवला. इकडून फिरवला, तिकडून फिरवला. चिठ्ठी घरी, खुंटीवरच्या पँटीत. त्यानं मान वळवून मागं पाहिलं. सोफ्याच्या मागं, पडद्याच्या कडेला कुसाबाई उभी होती. तिच्या एका बाजूला धोंडीराम, हातात आहेराची पिशवी घेऊन.

"काकू," हर्षल ओठांतल्या ओठांत म्हणाला, "पहिला शब्द सांग."

तिला ते शब्द येत होते. तिचेच होते. तोंडात 'तीनशे' आलाही होता. पण त्याच वेळी मंडपाची झालर उडाली, पत्र्यावर वारा आपटला आणि अर्धा मंडप एकदम वर बघायला लागला. चांदवडच्या बाजूनं ढग काळेनिळे होऊन चढत होते. ज्याची-ज्याची बाग होती त्याचं तोंड उतरलं. नुकत्याच छाटलेल्या बागा, कोवळी फूट. आता गार पडली तर डोळे जातात वेलीचे, म्हणजे पुढच्या हंगामाचे घडच. कुसाबाईनंही वर बघितलं, आणि तिच्या पोटातून जे आलं ते तोंडातून गेलं.

"बागेला नको गारा," ती म्हणाली.

बुडत्याच्या हाताला दोर लागावा तसं हर्षलनं ते धरलं. चार महिने गावानं त्याच्याकडून म्हणवून घेतलं होतं, पुढं रोज ऐकवलं होतं. ते म्हणायला डोकं लागत नव्हतंच. डोळे मिटून, माईक तोंडाला लावून, पोरगा धडाधड सुटला. नको अवकाळी वृष्टी. फवारून फवारून थकलो. आता दृष्ट काढायला.

आणि यमकानं त्याला ओढून नेलं.

"सृष्टी."

दोन मोठे कर्णे होते. एक शाळेकडं तोंड करून, एक गावाकडं.

मंडपातल्या माणसांना कळायला दोन-तीन क्षण लागले. नवरीकडच्यांना तर काहीच कळलं नव्हतं, त्यांना वाटलं सृष्टी म्हणजे दुनिया असेल. त्या दोन-तीन क्षणांत, सगळ्यांच्या आधी, कुसाबाईनं कपाळावर हात मारला.

"अरं कार्ट्या," ती मोठ्यानं म्हणाली, "काय बोललास हे?"

असं ती का म्हणाली, हे तिनं नंतर स्वतःला हजारदा विचारलं. वाघ मागं लागल्यावर माणूस धावतो, तेव्हा विचारून धावत नाही. ती धावली. पण धावताना पोराला वाघापुढं ढकलून धावली.

मग फुटलं सगळं. मागच्या खुर्च्यांवरून कुणीतरी खिदळलं. नवरीच्या मामानं शेजाऱ्याला विचारलं, सृष्टी कोण, आणि शेजाऱ्यानं सांगितलं. मामाचा फेटा डोक्यावर होता तसाच हलायला लागला. रोहितनं घाईघाईनं एका माजी सरपंचाचं स्वागत केलं, जे मघाशीच अक्षता टाकून निघून गेले होते.

हर्षल मागं वळला. कुसाबाईकडं एकदा पाहिलं. तिला वाटलं, आता म्हणेल, काकूनं सांगितलं. तो पुन्हा पुढं तोंड करून बसला, आणि मानेवरून घाम खाली शेरवानीत जात राहिला.

मग माईक योगिनीला दिला. येवल्याहून ती काहीतरी पाठ करून आली असणारच. तिनं माईक हातात घेतला, "हर्षलराव" एवढंच म्हणाली, आणि माईक खाली ठेवला.

गारा पडल्या नाहीत. नुसता वारा सुटून ढग सिन्नरकडं निघून गेले.

*

त्या दिवशी घरी आल्यावर धोंडीरामनं आहेरात मिळालेली टोपी खुंटीला अडकवली. कुसाबाई चुलीपाशी उगीच भांडी हलवत होती. तिनं भरपूर बोलून घेतलं: भात कसा होता, मठ्ठा कसा पातळ होता, मामाचा फेटा कसा सुटला. धोंडीराम ऐकत होता. तिचं संपल्यावर तो म्हणाला:

"मला ऐकू कमी येतं. पण तितकं नाय."

ती त्याच्या उजव्या बाजूला उभी होती स्टेजवर. हे तिला तेव्हा आठवलं.

"चुकून निघालं ओ तोंडातून," ती म्हणाली.

"पहिलं चुकून निघालं," धोंडीराम म्हणाला. "दुसरं?"

तिनं घासलेलंच पातेलं पुन्हा घासायला घेतलं.  धोंडीरामनं पुन्हा तो विषय काढला नाही. तो जितका काढत नव्हता, तितका तो घरात जागा धरून बसला.

*

सत्यनारायण झाला, आणि रीतीप्रमाणे योगिनीचा भाऊ येऊन तिला पहिल्यांदा माहेरी घेऊन गेला. पाच दिवसांनी हर्षलनं आणायला जायचं. पाचव्या दिवशी तिकडून मामाचा फोन आला: सध्या पाठवत नाही. पोरीचं मन नाही. सहाव्या दिवशी पुंजानं फोन केला तर कुणी उचलला नाही.

ही बातमी बागेत कुसाबाईच्या आधी पोचली होती. दहा बायका ओळीनं बगलफूट खुडत होत्या. रोज कुसाबाई असली की ओळ कशी संपली कळायचं नाही. या आठवड्यात तिची ओळ मुकी झाली होती. बाकीच्या बोलत होत्या. ठकूबाई सगळ्यांत जास्त.

पोराचा जीव अजून त्या पहिलीतच अडकलाय, ठकूबाई म्हणाली. नाहीतर ऐन वेळेला तोंडात तिचं नाव येतं का. दुसरी म्हणाली, फोनवर अजून बोलतात म्हणे. तिसरीनं तर सातपूरला दोघांना रसवंतीवर बघितलेला माणूसच हजर केला. प्रत्येक वेलीसरशी गोष्ट वाढत होती. कुसाबाई नको तो कोंब खुडायची आणि बघायची तर हातात चांगला शेंडा आलेला.

"कुसाबाई, तू बोल की काय तरी," ठकूबाई म्हणाली. "तूच तर पयल्यांदा कपाळ बडवलं. तुला आधीच ठावं होतं व्हय त्याचं लफडं?"

"मला काय ठावं," कुसाबाई म्हणाली.

हे तिसरं. तिनं मनात मोजलं. एक ओळ, एक कपाळ, आणि हे.

दुपारी भाकरी सोडायच्या वेळेला बांधावरून पुंजा येताना दिसला. उन्हात टोपी हातात घेऊन. तो इतक्या बायकांसमोर कधी येत नसे. कुसाबाईला वाटलं, हर्षलनं सांगितलं. तिनं पदर पुढं ओढला, पण त्याच जोडीला थोडं सुटल्यासारखंही वाटलं. चला, सांगून टाकलं पोरानं, आता आपल्याला सांगायला नको.

पुंजा समोर येऊन उभा राहिला. "वहिनी," तो म्हणाला, "उद्या आमच्यासंगं येवल्याकडं चला. माझ्याच्यानं बोलवत नाय. तुमच्या जिभेवर माणसं इश्वास ठिवतात. तुम्ही तिला समजावून आणा."

बायका म्हणाल्या, बरोबर आहे, कुसाबाईच पाहिजे. कुसाबाईनं हातातली भाकरी फडक्यात परत बांधली.

*

पुंजाच्या भाच्याची गाडी. पुढं पुंजा, मागं कुसाबाई, धोंडीराम आणि हर्षल. धोंडीरामला कुणी बोलावलं नव्हतं, तो आपला येऊन बसला, आणि बसला तो कुसाबाईला उजवा कान लागेल असा. लासलगाव गेलं, कांद्याच्या चाळी गेल्या, पुढं माळ उघडा पडत गेला. बाभळी, काळे खडक, टँकरच्या वाटेला सांडलेलं पाणी चाटणारी कुत्री.

पुंजा वाटेत दोनदा म्हणाला की वहिनी काहीतरी हसायचं सांगा, पोरगं सुतक्यासारखं बसलंय. कुसाबाईनं गाडीच्या काचेकडं तोंड केलं. हर्षल तिच्या शेजारीच होता. कानाच्या मागं हळदीचा पिवळा डाग अजून राहिलेला. गेल्या दहा दिवसांत तो तिच्या ओट्यावर आला नव्हता.

ती हळूच म्हणाली, "तू का नाय सांगितलंस?"

तो बाहेर बघत म्हणाला, "काय सांगू? माझं तोंड दुसऱ्याचं होतं, असं? वर तू त्या वेळी तसं म्हणालीस. मग तुला खोटं पाडायचं चारचौघांत?"

त्यानं हे रागानं म्हटलं असतं तर तिला बरं वाटलं असतं.

*

योगिनीचं घर म्हणजे दोन खोल्या आणि पुढं पडवी. सतरंजी टाकलेली. मामा आधीच येऊन बसलेला, या वेळी फेट्याशिवाय. योगिनीची आई दाराच्या चौकटीत. पाणी आलं, प्रत्येकाला अर्धा पेला. टँकरच्या गावात तेवढंच देतात, आणि ते पूर्ण प्यायचं असतं.

पुंजानं खाकरून सुरुवात केली की या आमच्या कुसावहिनी, यांना बोलायचंय. मामानं हात पुढं केला, म्हणजे बोला.

कुसाबाई वाटेत काय काय जुळवत आली होती. नेहमीसारखं, आधी हसवायचं, मग हळूच मुद्द्यावर यायचं. सतरंजीवर बसल्यावर त्यातलं एकही वाक्य उभं राहीना. ती उठून उभी राहिली. पदर नीट केला, पुन्हा केला.

"ते नाव मी सांगितलं," ती म्हणाली. "पोराला त्याचं सुचत नव्हतं. मी मागं उभी होते. आभाळ आलं, आणि माझ्या तोंडातून जुनी ओळ गेली. तो नुसता माझ्यामागनं बोलला. आणि त्याच्यावर शेकल्यावर मी उलटी त्यालाच बोलले. माझी चूक झाकायला. पोरगा काय बोलला नाय, दहा दिवस. मी पण बोलले नाय."

एका दमात झालं. तिला वाटलं, आता कुणीतरी ओरडेल.

मामा हसला. कडवट हसला. "पुंजाबापू," तो म्हणाला, "चांगलं शिकवून आणलंय. या बाई उखाणे जुळवतात ना गावात? आम्ही चौकशी केली. ही गोष्ट पण त्यांनी जुळवूनच आणली असंल."

पुंजा तोंड उघडं टाकून कुसाबाईकडं बघत होता. त्याला हे आत्ताच कळत होतं. पण मामाला ते सोंग वाटलं. कुसाबाई शपथ घ्यायला लागली, आणि जितकी घ्यायला लागली तितकं ते आणखी पाठ केलेलं वाटायला लागलं. आयुष्यभर तिच्या खोट्यावर लोक हसले होते. आज ती पहिल्यांदा नुसतं खरं घेऊन आली, तर ते घ्यायला कुणी तयार नव्हतं. तिनं धोंडीरामकडं बघितलं.

"खरं हाय," धोंडीराम म्हणाला. "मी ऐकलं."

"तुम्ही त्यांचे मालक," मामा म्हणाला. "तुम्ही दुसरं काय म्हणणार?"

धोंडीरामनं मान हलवली. मुद्दा त्याला पटला.

तेव्हा आतून योगिनी आली. हाताला मेंदी अजून लालच. ती मामाच्या शेजारी बसली नाही, आईजवळ चौकटीला टेकून उभी राहिली.

"त्या खरं बोलतात मामा," ती म्हणाली.

"तुला कसं ठावं?"

"तुम्हाला सृष्टी कोण ते शेजारच्यानं सांगितलं, तवा कळलं. मला तुमच्या चेहऱ्यावरनं कळलं. मांडवात कुणालाच लगेच कळलं नव्हतं. या काकूंनी मात्र नाव तोंडातून पडल्या पडल्याच कपाळावर हात मारला. कॅमेरावाल्यानं सोफ्यापुढं आरसा लावला होता, त्यात मला मागचं दिसत होतं. चुकीचं नाव गेलं हे सगळ्यांच्या आधी कुणाला कळंल? ज्यानं दिलं त्यालाच."

 कुसाबाईला वाटलं, सतरंजीखालचं फरशीचं गारपण वर येऊन आपल्या पायांतून चढतंय. म्हणजे या पोरीनं तेव्हाच बघितलं होतं. हार गळ्यात घालून, माईक हातात घेऊन, सगळं बघत बसली होती.

"मग पोरी," पुंजा म्हणाला, "चूक कुणाची ते कळलंय, तर तू का..."

"नावाचं नाय मला काय, मामंजी," योगिनी म्हणाली. "साखरपुडा मोडला होता हे यांनी बघायला आले तवाच सांगितलं. पण माझ्यासाठी यांच्याकडं स्वतःचं दोन शब्दांचं वाक्य नव्हतं. खुंटीवरच्या पँटीत चिठ्ठी सापडली, तिच्यावर पण काकूंचं, तोंडात पण काकूंचं. बरोबर नाव आलं असतं तरी ते काकूच बोलल्या असत्या. मी कुणाशी लगीन केलं?"

मामाचं कडवट बोलणं कुसाबाईनं गिळलं होतं. हे गिळता येईना. डीपीचा फ्यूज, कंपनीचा भोंगा, बोअरचा फुफाटा. गावातल्या अर्ध्या जोडप्यांच्या मधे ती बसलेली तिला दिसली, हिरव्या नखांची.

योगिनी हर्षलकडं बघत होती. सगळेच त्याच्याकडं बघायला लागले. हर्षल उभा राहिला. शर्टाला खरा खिसा होता, त्यात तो हात घालून बघायला लागला, सवयीनं. मग काढला.

"सकाळी सहाला लाइट येती," तो म्हणाला. "नवाला जाती. त्या तीन तासांत मला बागंला पाणी द्यावं लागतं, तवा हाक मारली तरी ऐकू येत नाय, मोटर चालू असती."

तो थांबला. पडवीतल्यांना वाटलं, संपलं. कुसाबाईच्या जिभेवर आपोआप 'मोटर'ला जुळणारं यायला लागलं. तिनं जीभ दातांत धरली.

"बाकीच्या एकवीस तासांत मी मोकळा हाय," हर्षल म्हणाला. "योगिनी."

यमक नव्हतं. काही नव्हतं. योगिनीच्या आईनं पदर तोंडाला लावला, खांदे हलायला लागले. रडते की काय म्हणून बघितलं तर हसत होती. मग मामा हसला, या वेळी कडवट नाही. योगिनी हसली नाही. ती म्हणाली, "झोपायचे सात धरलेत का त्यात?"

"नाय धरले."

"मग चौदा."

"चौदा," हर्षलनं कबूल केलं.

ती म्हणाली, गुरुवारी येते, मागावर एका पदराचं चार बोटं काम राहिलंय, दुसऱ्याच्या हातात अर्धवट देणं बरं नाही. मग ती कुसाबाईपुढं आली. कुसाबाईला वाटलं आता आपल्याला काहीतरी बोलेल, बोलायलाच हवं. तिनं फक्त रिकामा पेला उचलला आणि विचारलं, काकू, अजून पाणी घेणार का. त्या गावात.

*

येताना गाडीत पुंजा पुढं बसून सगळी वाट रस्त्याकडंच बघत होता. गाव आल्यावर उतरताना म्हणाला, "वहिनी, मी तुमच्यावर इश्वास ठिवून तुम्हाला घेऊन गेलो."  टोपी घातली आणि गेला. पुढं महिनाभर तो तिच्या ओट्यावरून जाताना दुसऱ्या बाजूला बघायचा.

दुसऱ्या दिवशी बागेत कुसाबाईनं ओळीच्या सुरुवातीलाच सांगितलं. सगळं, कपाळासकट. बायकांनी आधी हात थांबवले, मग हसायला लागल्या, आणि हसता हसता एकमेकींना ढकलायला लागल्या. ठकूबाईला तर वेलीच्या तारेला धरावं लागलं. रसवंतीवर बघणारा माणूस कुठं गेला, हे कुणी विचारलं नाही. त्या दिवसापासून कुसाबाईचं नाव पडलं वृष्टी. वृष्टीबाई, पाणी आण. वृष्टीबाई, आज पडायचा का. तिनं कितीतरी जणांना चिकटवली होती नावं, आता तिला कळलं ते निघत कसं नाही.

गुरुवारी योगिनी आली. ती सकाळी सहाला उठते आणि मोटर चालू असेपर्यंत बोलत नाही, असं गाव सांगतं.

जूनमध्ये एक पोरगी उखाणा मागायला ओट्यावर आली. कुसाबाईनं हात धुतले, विचारलं, तो काय करतो, तुला त्याचं काय आवडतं. पोरगी म्हणाली, लय घोरतो, पण हसतो चांगला. कुसाबाई म्हणाली, मग तेच म्हण. पोरगी थोडा वेळ बसली, दुसरं काही मिळत नाही बघून उठली, आणि वाटेतच मोबाइलवर शोधायला लागली. घोरण्याला तिथं काही मिळालं नाही. तिनं लग्नात महादेवाच्या पिंडीवरचं घेतलं.

धोंडीराम पायरीवर विडी ओढत हे ऐकत होता, उजव्या कानानं. "तुला सुचलं होतं का त्याला?" त्यानं विचारलं.

"चार सुचली," कुसाबाई म्हणाली, आणि खाली बघून नखांतला हिरवा काढत राहिली.

कुसाबाई आणि धोंडीराम यांचं लग्न एकोणीसशे एक्क्याण्णव साली निफाडला एका सामुदायिक सोहळ्यात लागलं. जोडपी एकेचाळीस होती. नाव घ्यायला कुणालाच सांगितलं नव्हतं.